शुभेच्छुकांत नसलेली फुई

आमच्या बबलूला सरकारने धोकादायक ठरवलं, त्या दिवशी मी ओट्यावर बसून तुरीच्या शेंगा सोलत होते. गल्लीत जीप थांबली. दोन पोलीस आत आले, एक कागद वाचून दाखवला, आणि बबलू शर्टाची बटणं लावत त्यांच्यामागे निघाला. जाता जाता मला म्हणाला, "फुई, गाडीवर कापड टाकजो." मोटरसायकलची काळजी. मी तिथे शेंगांचं सूप मांडीवर घेऊन तोंड उघडं टाकून बसलेली, ती याला दिसली नाही.

फुई म्हणजे आत्या. बबलू माझ्या भावाचा, लीलाधरचा मुलगा. कागदोपत्री भूपेंद्र. आई गेली तेव्हा पाचवीत होता. भाऊ एरंडोलकडे शेतात राबणारा, पोराकडे कोण बघणार, म्हणून मी त्याला जळगावला, पिंप्राळ्यात घेऊन आले. माझे यजमान तेव्हा नुकतेच वारले होते, मूलबाळ नव्हतं. लोक म्हणाले, हेमलताबाईंना आधार झाला. आधार कसला, आग्या वेताळ होता तो. पण होता माझा, आणि आहे.

दुसऱ्या गल्लीत ज्योत्स्ना राहते, ती वकील आहे. लहान असताना माझ्या गच्चीवर वाळत घातलेले ओले बिबडे, ज्वारीचे पापड, पळवून खायची, त्यामुळे तिच्यावर माझा हक्क आहे असं मी धरून चालते. तिच्याकडे गेले.

"कोर्टात कधी उभा करतील?" मी विचारलं.

"कोर्टात नाही करणार, फुई. ही स्थानबद्धता आहे. इथे खटला नाही, आरोप सिद्ध करणं नाही. हा पुढे काहीतरी करील असं वाटलं, म्हणून आधीच आत. जास्तीत जास्त एक वर्ष."

"दूध उतू जाईल म्हणून म्हैसच कोंडून टाकायची?"

ती हसली. "म्हणूनच तर कोंडणाऱ्यालाही कायद्याने दावं बांधलंय. कारणं लेखी द्यावी लागतात, त्याला कळतील अशा भाषेत. त्यावर त्याला आपलं म्हणणं मांडू द्यावं लागतं. आणि सल्लागार मंडळापुढे सगळं ठेवावं लागतं. मंडळ म्हणालं पुरेसं कारण नाही, तर सोडावंच लागतं."

"मग तू जा आणि बोल त्यांच्यापुढे. तुझी जीभ चांगली चालते."

"तिथेच तर अडचण आहे. मंडळापुढे वकील चालत नाही. मात्र मंडळाने परवानगी दिली तर मित्र सोबत बसू शकतो."

"मित्र?"

"वकील नसलेला कुणीही. बबलूने नाव कळवायचं."

मित्र म्हटल्यावर माझा जीव भांड्यात पडला. बबलूकडे दुसरं काही नसलं तरी मित्र होते. त्याच्या वाढदिवसाला चौकात रिक्षा स्टॉपच्या वर जो फ्लेक्स लागला होता, त्यावर मित्रांचेच फोटो होते, चांगले चाळीस-पन्नास. मधे हा, काळा चष्मा लावून, फोनवर बोलताना. फोन बंद होता, मला माहीत आहे, कारण चार्जर त्या दिवशी माझ्या हातात होता. वर मोठ्या अक्षरांत 'पिंप्राळ्याचा ढाण्या वाघ बबलूदादा', आणि शेजारी चित्र मात्र सिंहाचं. खाली 'शुभेच्छुक' म्हणून सगळी पोरं. मी सहज म्हटलं होतं, "मन्हा फोटो कुठे शे रे?" तर म्हणाला, "फुई, तू नको. इम्प्रेशन जास."

ठीक आहे. नसते दाखवायचे असे लोक.

त्याला धुळ्याच्या तुरुंगात ठेवलं होतं. पहिल्या भेटीला मी गेले ती वांग्याचं भरीत आणि कळण्याची, ज्वारी-उडदाची भाकरी घेऊन. तुरुंगाच्या दारात शिपायाने डबा बाहेरच ठेवायला सांगितलं. बबलू काचेपलीकडे होता, बोलायचं फोनवरून. मला वाटलं होतं रडवेला झाला असेल. पण पठ्ठ्याच्या चेहऱ्यावर बारावीचा निकाल लागल्यासारखा आनंद. बारावीत तो नापास झाला होता, तरीही.

"फुई, माले जे कागद दिधात ना, त्यामा काय लिखेल शे माहीत शे का? बठ्ठा पिंप्राळामा मन्ही दहशत शे! मी दिसनू की लोके दारं लाई लेतस. सरकारी कागद शे, फुई. सही-शिक्क्याना."

"जेवना का तू?"

"जेवनू. आणि आत बठ्ठे माले दादा म्हनतस."

 वर्षभर कोंडलं जायची वेळ आली होती आणि हा त्या कागदाला प्रशस्तिपत्रक समजून बसला होता. ज्योत्स्नाने लिहून दिलेलं निवेदन मी तुरुंगातल्या साहेबांकडे दिलं होतं, ते त्याला आत मिळालं होतं. मी त्याचाच विषय काढला.

"सही कर त्याच्यावर."

"नई करनार." मान ताठ. "त्यामा लिखेल शे, मी साधा पोऱ्या शे, लोके माले घाबरतस नई, फ्लेक्स फक्त हौस व्हती. असं लिखीसन दिधं तं मन्ही काय इज्जत ऱ्हायनी?"

"आणि नई दिधं तं वरीसभर आत ऱ्हाशी!"

"ऱ्हासू."

माझ्या तोंडून जे शब्द बाहेर पडले ते इथे लिहिण्याजोगे नाहीत. शेजारच्या काचेवरची बाई आपलं बोलणं थांबवून ऐकायला लागली. भेटीची वेळ संपली. बाहेर येऊन धुळ्याच्या बसस्टँडवर बसले, डबा उघडला, आणि रागाच्या भरात दोघांचं भरीत एकटीने खाल्लं. शेवटच्या घासाला रडू आलं. तिखट होतं, असं शेजारी बसलेल्या बाईला सांगितलं.

हे सगळं खोटंच होतं असं मी म्हणणार नाही. लग्नातल्या डीजेसमोर नाचताना त्याने एका पोराचं मनगट मोडलं होतं. ती केस कोर्टात चालू आहे, आणि चालू द्या. त्याआधी एक धक्काबुक्की. पण कागदात सगळ्यात वर होतं ते वेगळंच: भर चौकात तलवारीने केक कापून दहशत माजवली. त्याचा व्हिडिओही होता, पोरांनीच मोबाइलवर टाकलेला. आणि दोन गुप्त साक्षीदार, 'अ' आणि 'ब', नाव-गाव काही नाही. ते म्हणाले, हा रस्त्याने आला की लोक दारं-खिडक्या बंद करतात.

"हे 'ब' कोण ते मला कळलं तर..." मी ज्योत्स्नाला म्हटलं.

"ते तुम्हाला कळणार नाही, फुई. कळलं असतं तर साक्षीदार बोलला नसता. ते सोडा. मित्राचं नाव कळवायचंय. कोण येणार?"

मी पिंटूकडे गेले. फ्लेक्सवर बबलूनंतर सगळ्यात मोठा फोटो पिंटूचा, त्यांच्या मित्रमंडळाचा अध्यक्ष. त्याने मला खुर्ची दिली, चहा सांगितला, डोळ्यांत पाणी आणलं. "फुई, भाऊसाठी जीव हाजिर आहे. पण माझं एका ठिकाणी नोकरीचं चाललंय, तिथे पोलिसांचा दाखला लागतो." भूपेश मोबाइलवाला म्हणाला, त्याचा फोटो न विचारता टाकला होता. कौतिकच्या आईने सांगितलं, कौतिक सुरतेला गेला. कौतिक मागच्या खोलीत खोकत होता, त्याचा खोकला मी तो लहान असल्यापासून ओळखते. आणखी चार-पाच दारं वाजवली. पिंप्राळ्यातली दारं खरोखरच बंद होत होती, पण ती मला बघून. परत येताना चौकात पाहिलं तर फ्लेक्सही गायब. कुणी काढला कुणालाच माहीत नव्हतं.

पुढच्या भेटीला बबलूने पहिल्यांदा तेच विचारलं.

"पिंटू कधी येस?"

"त्याले दाखला पाहिजे शे."

"मंग भूपेश?"

मी सांगितलं. तो एकेक नाव घेत गेला आणि मी एकेक उत्तर देत गेले. सांगताना मला बरं वाटेल असं वाटलं होतं. घे, बघ तुझे वाघ-सिंह. पण प्रत्येक नावाला त्याची मान जराशी खाली जात होती, आणि माझ्याने ते बघवेना. शेवटी शेवटी मी खोटं बोलायला लागले. म्हटलं, एकजण खरंच आजारी आहे.

त्याने फोनची वायर बोटाभोवती गुंडाळली. मग हळूच म्हणाला, "तू येशी का?"

"मी? माले तं तू फोटोमा बी लिधं नई."

"फुई..."

"इम्प्रेशन जाई ना तुन्हं."

तो हसला नाही. पाचवीत असताना पहिल्या रात्री माझ्या घरी जसा गप्प पडून राहिला होता, तसाच बसला. मीच नमतं घेतलं. "येसू रे. नई येसू तं कुठे जासू? पन आधी सही कर." त्याने सही केली आणि मित्र म्हणून माझं नाव दिलं; मंडळाने परवानगीही दिली.

ज्योत्स्नाने मला चार दिवस घोकवून घेतलं. कायदा आणि सुव्यवस्था वेगळी, सार्वजनिक सुव्यवस्था वेगळी. एका माणसाचं मनगट मोडणं हा गुन्हा, पण त्याने सगळ्या वस्तीचं जगणं ठप्प झालं का, हा प्रश्न. मी मान डोलवत होते, पण माझ्याजवळ माझा हुकमी पत्ता तयार होता. बबलू पालीला घाबरतो. साधीसुधी पाल. अठ्ठावीस वर्षांचा घोडा, पण भिंतीवर पाल दिसली की अजूनही पलंगावर चढून मला हाका मारतो, आणि मी झाडू घेऊन जाते. हे ऐकल्यावर कोण म्हणणार याची दहशत आहे? एका वाक्यात सगळा कागद फुसका. ज्योत्स्नाला मी हे सांगितलं नाही. तिला कायदा सांगू दे, मी माझं बघीन, असं ठरवलं.

सुनावणी पडद्यावर होती. मंडळाचे तीन सदस्य दुसऱ्या शहरात, आम्ही दोघं धुळ्याच्या तुरुंगातल्या एका खोलीत. बऱ्याच दिवसांनी काच मधे नव्हती. बबलू वाळला होता. मी त्याची कॉलर नीट केली, तेवढ्यात पडद्यावरच्या मधल्या साहेबांनी विचारलं, "आपण कोण?"

"मी हेमलता. याची..." जिभेवर आत्या आलं होतं. "याची मित्र."

डावीकडच्या बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. साहेबांनी कागद उघडला. तलवारीचा विषय निघाला आणि माझं घोकलेलं सगळं वाहून गेलं.

"साहेब, ती तलवार आमच्या भावकीची आहे. नवरदेवाच्या हातात देतात ती, टोकाला लिंबू खोचून. माझ्या आजोबांच्या लग्नापासून घरोघर फिरतेय. तिला धार कधी लावलेलीच नाही, लिंबूसुद्धा आधी चाकूने टोचून मग बसवावं लागतं. याने ती केकवर चालवली तर केक कापला गेला नाही, पुठ्ठ्यावरून घसरला आणि पडला गाडीच्या सीटवर. तो व्हिडिओ पोरांनी त्याच्या आधीच बंद केला. मग मी घरून विळी आणली आणि कापून सगळ्यांना वाटला. कलम लावायचं तर माझ्यावर लावा."

उजवीकडचे साहेब खाली बघून काहीतरी लिहायला लागले, पण त्यांचे खांदे हलत होते.

"आणि लोक दारं-खिडक्या बंद करतात, त्याचं काय?" मधल्या साहेबांनी विचारलं. ते हसत नव्हते.

"करतात. मीसुद्धा करते. त्याच्या गाडीच्या सायलेन्सरने कानठळ्या बसतात. शंभरदा सांगितलं, बदल म्हणून. आणि साहेब, मनगट मोडलं ते खरं आहे. त्याची केस चालू आहे, त्यात काय ती शिक्षा होऊ द्या, मी भाकरी घेऊन येत जाईन. पण जे अजून केलंच नाही, त्याची शिक्षा आधीच कशी हो भोगायची पोराने?"

शेवटी माझा आवाज फाटला. साहेबांनी मला पाणी प्यायला सांगितलं. मग म्हणाले, "हे तुम्ही सांगता. त्याच्यावर माया आहे, ते दिसतंय. भूपेंद्र, तुम्ही सांगा. तुमची वस्तीत दहशत आहे की नाही?"

बबलूने दाराकडे पाहिलं. मान ताठ, कान लाल. मी ओळखलं, आता याचं ते डोकं फिरलं. जे सही करायला जड गेलं, ते तोंडाने बोलायला किती जाणार. दारात उभे असलेले शिपाई ऐकत होते, आत सगळे त्याला दादा म्हणत होते. पडद्यावर तीन माणसं वाट बघत होती, आणि हा एक शब्द बोलला नाही तर कागदातलं सगळं खरं ठरणार होतं. हुकमी पत्ता टाकायची हीच वेळ होती. पालीचं माझ्या ओठांवर आलं. मी त्याच्याकडे वळले.

त्यानेही माझ्याकडे पाहिलं. त्याला कळलं होतं मी काय सांगणार आहे. नको म्हणाला नाही, फक्त बघत राहिला. माझ्या तोंडाला आजवर कुणी कुलूप घालू शकलेलं नाही, यजमानही नाहीत. पण तिथे मी ते स्वतः घातलं.  वाटत होतं, हेमलता, तुझ्या या गप्प बसण्यापायी पोराचं वर्ष जाईल.

"नाही साहेब," बबलू म्हणाला. आवाज इतका बारीक, की साहेबांनी पुन्हा बोलायला सांगितलं. "मला कुणी घाबरत नाही. मला वाटायचं, घाबरावं. फ्लेक्स मीच लिहून दिला होता. केक फुईनेच कापला. आणि त्या पोराचं मनगट... त्याला जाऊन भेटायला पाहिजे होतं, मी गेलो नाही."

एवढंच बोलला. मग टेबलाखाली त्याने माझा हात धरला, घामेजलेला होता.

मंडळाने पुरेसं कारण नाही असं कळवलं आणि त्याला सोडायचा हुकूम निघाला. ज्योत्स्नाने मला फोनवर सांगितलं, आणि लगेच बजावलं, "फुई, एक लक्षात ठेवा. सुटल्यावर मिरवणूक नको. लोक हार-गुलाल करून गाड्यांची रॅली काढतात आणि तीच पुढच्या कागदात पहिलं कारण होते."

मी म्हटलं, मिरवणूक काढायला उरलंय कोण?

उरले होते. तुरुंगाच्या दारापाशी पोहोचले तर चार गाड्या, एक उघडी जीप, आणि पिंटू झेंडूचा हार घेऊन उभा. कौतिकही सुरतेहून परत आला होता. बबलू पिशवी घेऊन बाहेर आला तसा एकच कल्ला झाला. "भाऊ, बस जीपमधे. जळगावपर्यंत वाजतगाजत जाऊ. नवा फ्लेक्सही तयार आहे!"

बबलूचे डोळे चमकले. खोटं कशाला सांगू, चमकले. इतके दिवस मान खाली घातलेल्या पोराला चार गाड्या घ्यायला आल्या होत्या. त्याने जीपकडे पाहिलं, मग माझ्याकडे. माझ्या हातात बसस्टँडवर घेतलेल्या पेरूंची पिशवी. त्या पोरांना काय काय बोलायचं ते सगळं माझ्या घशाशी आलं होतं. पण आत्ता मी ओरडले तर हा माझ्या धाकाने येईल, आणि पुढच्या वाढदिवसाला पुन्हा जाईल. मी पेरू निवडत राहिले.

त्याने पिंटूच्या हातातला हार घेतला आणि पिंटूच्याच गळ्यात घातला. "पिंट्या, गुलाल नको काढू. फुईले शिंका येतस." मग माझ्या हातातली पिशवी घेतली. "फुई, एस्टी कितीले शे?"

बसमध्ये कंडक्टरने त्याचं पूर्ण आणि माझं बाईमाणसाचं अर्धं तिकीट फाडलं. बबलूला खिडकीची जागा दिली. पारोळा येईपर्यंत तो नुसता बाहेर बघत होता, केळीच्या बागा, कापूस, उभे टँकर, जणू पहिल्यांदाच बघतोय. पद्मालयाच्या गणपतीचा फाटा आला तेव्हा त्याने हात जोडले, मीही जोडले. मी मनातल्या मनात हिशोब मांडत होते की उद्या आधी सायलेन्सर बदलायचा, मग त्या मनगटवाल्या पोराच्या घरी जायचं, दोघांनी मिळून.

"फुई," तो पेरू खाता खाता म्हणाला, "तू तठे पालनं कसाले नई सांगं?"

"कोनती पाल?"

"सांग ना. तुन्हा तोंडवर उनं व्हतं. मी पाही लिधं."

मी त्याच्या हातातला अर्धा पेरू काढून घेतला.

"तठे मी तुन्ही फुई म्हनीसन नव्हती बठेल," मी म्हटलं.